आतली तारीख

सोमवार, १ जून

कार्यालयाच्या लॉगबुकात सिस्टिम किती वाजता उठवली, कुठे अडकली, कोणती टेप चढवली एवढंच लिहायचं असतं. सदतीस वर्षं मी तेवढंच लिहिलं. आज जे पाहिलं ते तिथे लिहिलं तर एकतीस जुलैच्या निवृत्तीची वाट न बघता मला उद्याच नारळ देतील. म्हणून ही वही.

नवे साहेब सकाळीच आले. आम्ही त्यांना झाडूसाहेब म्हणतो, कारण आल्यापासून 'हे काढा, ते काढा' यापलीकडे त्यांच्या तोंडी दुसरं काही नाही. माणूस वाईट नाही, पण त्यांच्या जन्माआधीची कुठलीही वस्तू त्यांना कचराच वाटते. मीसुद्धा त्यात आलेच.

"मॅडम, तीस जूनला आतली जुनी सिस्टिम बंद. तोवर तिच्या खिडकीत बसायचं आणि ती विचारेल त्याला उत्तरं द्यायची. तुमच्याशिवाय कुणाला येत नाही ते."

आतली म्हणजे काय, ते लिहून ठेवते. आमच्या कार्यालयात जन्म आणि मृत्यू नोंदवतात. ही नोंदणी ज्या सिस्टिमवर चालायची ती वर्षाचे शेवटचे दोनच आकडे ओळखायची. ९९ संपून ०० आलं की तिला वेड लागणार, हे सगळ्यांना ठाऊक होतं. दुरुस्तीला ना माणसं ना वेळ. मग आमच्यातल्या जुन्या जाणत्या टेपभाऊजींनी अक्कल लढवली. नवी मोठी सिस्टिम आणायची, जुनी जशीच्या तशी तिच्या पोटात चालवायची, आणि जुनीचं घड्याळ अठ्ठावीस वर्षं मागे लावायचं. अठ्ठावीसच का, तर तेवढ्या वर्षांनी वार आणि तारखा पुन्हा जुळतात. सोमवार तो सोमवारच. बाहेर पडणाऱ्या कागदावर नवी सिस्टिम अठ्ठावीस मिळवून खरी तारीख छापते. आतलीला पत्ताच नाही.

तिची खिडकी, म्हणजे पडद्यावरचा तिचा चौकोन, तेव्हापासून कुणी उघडलीच नव्हती. तिच्या सगळ्या प्रश्नांना बाहेरचीच परस्पर 'पुढे' म्हणायची.

आज उघडली. वर तारीख: १ जून ९८, सोमवार. सवयीने पहिली आज्ञा दिली, आत कोण कोण आहे ते दाखव. दोन नावं आली. एक ऑपरेटर, म्हणजे मी. दुसरा आयडी ह्यांचा.

हे जाऊन येत्या तेरा जुलैला अठ्ठावीस वर्षं होतील. आतल्या हिशेबाने सहा आठवडे शिल्लक आहेत.

मंगळवार, २ जून

साडेनऊ वाजता खिडकीत ओळ उमटली. ह्यांच्या आयडीवरून. "टेपची हेडं पुसलीस का?"

टेपचं शेवटचं यंत्र भंगारात जाऊन पंधरा वर्षं झाली. तरी माझ्या तोंडून निघालंच, "पुसली हो!" झाडूसाहेबांनी मान वर करून पाहिलं. मी खोकल्याचं सोंग केलं.

शुक्रवार, ५ जून

टेपभाऊजींना बोलावून घेतलं. हे त्यांच्या हाताखाली शिकले आणि पुढे दोघांची घट्ट मैत्री झाली, म्हणून ते मला वहिनी म्हणतात आणि मी त्यांना भाऊजी. टेपांची खोली सांभाळायचे, म्हणून टेपभाऊजी. आता ऐंशीला टेकले आहेत, पण डोकं अजून घासलेल्या पितळेसारखं.

खुर्चीत बसले, चष्मा पुसला, ओळ वाचली आणि खो खो हसले. "वहिनी, भूतबित काही नाही. ह्याचा तो आठवणीचा प्रोग्रॅम विसरलात? तारीख घालून निरोप लिहून ठेवायचा, त्या तारखेला तो आपोआप दिसायचा. सिस्टिम उठली की ह्याचा आयडी पण आपसूक आत शिरायचा, तीही त्याचीच करामत. आपण नव्या पोटात जी जुनी सिस्टिम बसवली ती सत्तावीस मार्च ९८ च्या टेपवरून. नंतरच्या टेपांना बुरशी लागली होती. मार्चमध्ये तो होता, म्हणून आतही आहे."

"म्हणजे ते गेले हे आतल्या सिस्टिमला माहीतच नाही?"

"तिला कोण सांगणार?" भाऊजी म्हणाले आणि चहा मागवला.

जीव भांड्यात पडला. थोडं वाईटही वाटलं. का ते विचारू नये, मी सांगणार नाही.

बुधवार, १० जून

झाडूसाहेबांना 'सिस्टिमचा इतिहास' दोन पानांत हवाय. नवीन लोकांना दाखवायला. जुन्या लुगड्यांची चादर करून वर फोटो काढायचा, त्यातला प्रकार. पण लिहायला बसले आणि रमले.

भाऊजींच्या तरुणपणी सिस्टिम नावाची वस्तूच नव्हती. माणूसच सिस्टिम. भोकं पाडलेल्या कार्डांचा एक गठ्ठा घालायचा, तो संपेपर्यंत यंत्रापुढे उभं राहायचं, मग दुसरा घालायचा. यंत्र बसून राहतं म्हणून साहेब लोक चिडायचे, तेव्हा एक छोटा प्रोग्रॅम आला, एक काम संपलं की पुढचं उचलणारा. बस, एवढाच. सगळ्यांचा मूळपुरुष तो. मग एकाच वेळी चार-पाच कामं चालवायची युक्ती निघाली. एका घरात भिंती घालून चार बिऱ्हाडं ठेवावीत तशी. ज्याला जागा कमी पडेल त्याने रडावं. मग कुणीतरी त्याहून हुशार निघाला. त्याने भिंती पाडल्या आणि प्रत्येक बिऱ्हाडाला सांगितलं की अख्खं घर तुझंच. सामान गुपचूप माळ्यावर चढवायचं, मागितलं की उतरवायचं. मी नोकरीला लागले तेव्हा हे चालू होतं. ह्यांनी मला शिकवताना म्हटलं होतं, "सिस्टिम म्हणजे गोड बोलून प्रत्येकाला फसवणारी यजमानीण. कुणालाच कळू देत नाही की दुसरा पाहुणाही आहे."

आणि शेवटी ती सिस्टिम आली जिच्या पोटात दुसरी आख्खी सिस्टिम राहते. आतलीला वाटतं यंत्र आपलंच, घड्याळ आपलंच, आजची तारीख खरीच. तिला कळायला काही मार्गच नाही.

हे वाक्य लिहिलं आणि हात थांबला. आपल्याला तरी कुठे मार्ग आहे? मग म्हटलं, बाई, दोन पानं मागितलीत, कीर्तन नाही.

गुरुवार, ११ जून

आजची ओळ: "लेकीचा डोस आहे. चार वाजता निघ. रडली तर मला फोन दे."

लेक तेव्हा तीन वर्षांची होती. आता एकतीसची आहे, स्वतः इस्पितळात नर्स, दिवसाला पन्नास जणांना सुया टोचते. तिला फोन केला. म्हटलं, "तुझा डोस आहे आज."

"आई, काय झालंय तुला?"

सांगितलं. मग म्हणाली, "बाबांचं अजून काही आलं तर मला सांग. नक्की सांग हं. आणि जेवत जा नीट, मागच्या आठवड्यात राहायला आले तेव्हा तू झोपेत परत बोलत होतीस."

"मी? काय बोलते?"

"काही नाही. बडबड." आणि फोन ठेवला. लबाड आहे, बापावर गेलीय.

मंगळवार, १६ जून

यंत्राच्या खोलीबद्दल लिहायचं राहिलं. पूर्वी इथे वीस कपाटं होती, मधून वाट काढत चालावं लागायचं. आता सगळं मिळून फ्रीजएवढं एकच कपाट आणि बाकी मोकळं मैदान. जमिनीवर जुन्या कपाटांच्या जागेचे फिकट चौकोन उरलेत. फरशी उचलून बसवलेली, खाली वायरी न्यायला हातभर पोकळी. त्यामुळे कुणी चाललं की ठक ठक वाजतं. मागच्या टोकाला काचेचं दार आणि त्यापलीकडे टेपांची खोली. हे तिथेच बसायचे. आता रिकामी आहे, पण गार हवा अजून सोडतात, कारण बंद करायचं बटण कोणतं ते कुणालाच माहीत नाही.

आज सकाळी अकराच्या आधी मी एकटीच होते आणि मागून फरशी वाजली. चार-पाच पावलं. मग थांबली. जाऊन पाहिलं, कुणी नाही. गरम-गार झालं की फरशा वाजतात, हे मीच नव्या लोकांना सांगत आले आहे.

परत येऊन खिडकीत टाइप केलं: "कोण?"

लगेच उत्तर: "आधी वाच, मग दाब."

दचकून खुर्ची मागे सरकवली. मग आठवलं, तेही ह्यांनीच घालून ठेवलेलं. त्यांना कुणी काहीही विचारलं की हेच ठरीव उत्तर जायचं. हे त्यांचं ब्रीदवाक्य. सिस्टिम दिवसातून शंभरदा काहीतरी विचारते आणि शंभरदा उत्तर असतं 'पुढे'. मग हाताला सवय लागते. डोळे वाचायच्या आत बोट दाबून मोकळं. जगातल्या प्रत्येक ऑपरेटरची हीच खोड. माझी जरा जास्त.

तेरा जुलैला सकाळी त्यावरूनच झालं आमचं. आदल्या दिवशी मी न वाचता 'पुढे' दाबलं होतं आणि एक जिवंत बाई मृतांच्या यादीत गेली. ह्यांनी सगळ्यांदेखत मला सुनावलं. "तुला वाचता येतं ना?" सगळे खाली बघत होते. मी जाऊन माझ्या जागेवर बसले, तोंडाला कुलूप लावलं.

दहा बावन्नला ह्यांच्या आयडीवरून एक निरोप आला. मी न वाचता दाबून पुसून टाकला. सवयीने. अकरा वीसला मुकादम मागे गेला तेव्हा हे खुर्चीतच होते. हृदयाचा झटका. डॉक्टर म्हणाले, वीस-पंचवीस मिनिटं आधी कुणी आलं असतं तर.

काय लिहिलं होतं त्या निरोपात? अठ्ठावीस वर्षं मला लोक हेच विचारतात, आणि मी सांगते की वाचलं नाही. आता आत परत तेरा जुलै येतोय. सिस्टिम तेवढी चालू राहिली पाहिजे.

सोमवार, २२ जून

झाडूसाहेबांना विनवलं, तेराव्या तारखेपर्यंत ठेवा.

"मॅडम, तुमच्या भावना समजतात मला." हे वाक्य ऐकलं की ओळखावं, काम होणार नाही. "पण तीस म्हणजे तीस. वरून तारीख आलीय."

"दोन आठवड्यांनी काय आभाळ कोसळतंय?"

"आणि दोन आठवड्यांनी काय उगवणार आहे?"

काय सांगणार, कप्पाळ?

मंगळवार, ३० जून

झाली बाई युक्ती. देवाला काळजी म्हणतात ते हे.

आतल्या सिस्टिमचा एक नियम आहे. तिने विचारलेल्या एकाही प्रश्नाचं उत्तर बाकी असेल तर ती सरळपणे बंद होत नाही. जबरदस्तीने पाडता येते, पण मग शेवटचा नोंदींचा संच अर्धवट राहतो आणि नव्या सिस्टिममध्ये घेता येत नाही. सकाळच्या कामात प्रश्न आला: "नोंद जुळत नाही. एका व्यक्तीचे दोन मृत्यू. पुढे?"

एक माणूस, जन्म एक, मृत्यू दोन. दोन वेगवेगळ्या तारखा. बाहेरच्या सिस्टिमने अशा किती प्रश्नांना डोळे मिटून 'पुढे' म्हटलं असेल, देव जाणे.

बोट सवयीने कळीवर गेलंच होतं. मागे घेतलं.

"साहेब, मूळ कागद तपासल्याशिवाय मी उत्तर देणार नाही. माणूस दोनदा कसा मरेल? उद्या कुणी कोर्टात गेलं तर सही माझी आहे."

झाडूसाहेबांचा चेहरा पाहण्यासारखा झाला. मूळ कागद जुन्या गोदामात. गोदामाची किल्ली रजेवर गेलेल्या बाईंकडे. बाई तेरा तारखेला परत येणार. हे मी मुद्दाम जुळवलं नाही, शपथ. नुसतं आधी विचारून ठेवलं होतं.

शुक्रवार, ३ जुलै

आठवणी संपल्या. जूनअखेरपर्यंतच्याच घालून ठेवल्या होत्या त्यांनी. शेवटची तीस तारखेची होती, "छत्री विसरू नकोस." त्यानंतर खिडकीत फक्त दोन मृत्यूंचा प्रश्न लुकलुकतोय आणि वापरणाऱ्यांच्या यादीत दोन नावं. ते आत आहेत आणि गप्प आहेत.

भाऊजींना घरी जाऊन गाठलं. सगळं ऐकून घेतलं त्यांनी. मग हळू आवाजात म्हणाले, "वहिनी, मनात नसती आशा धरू नका. टेप मार्चची. तेरा जुलैचा निरोप त्याने तेरा जुलैला हाताने टाइप केला. आडातच नाही तर पोहऱ्यात कुठून येणार?"

"पण तारीख तीच येतेय ना?"

"तारीख येईल. माणूस नाही यायचा."

मला राग आला. चहा अर्धा टाकून आले.

सोमवार, ६ जुलै

फरशी आजही वाजली. त्याच सुमाराला, अकराच्या आत. या वेळी मी उठले नाही. उठायला हवं होतं का?

गुरुवार, ९ जुलै

मेल्या झाडूवाल्याचं वाटोळं होवो! नाही, खोडते. त्याला काय ठाऊक.

सकाळी खिडकी उघडली तर वापरणारे: एक. फक्त मी. धावत गेले. तो निर्विकारपणे म्हणाला, "हो, काल सगळे मृत आयडी काढून टाकले. सिस्टिम बंद होत नाही, निदान सफाई तरी. तुमच्या मिस्टरांचा होता का त्यात? सॉरी मॅडम. पण मुळापासून गेला, आता परत येणार नाही."

"मृत आयडी," मी म्हटलं, "तुम्हाला कुणी सांगितलं मृत म्हणून?"

त्याने माझ्याकडे असं पाहिलं की मला माझीच कीव आली. घरी आले आणि स्वयंपाक न करता बसून राहिले. एकदा मी त्यांच्याकडे गेले नाही. आता आतूनही गेले, तेव्हाही मी जागेवर नव्हते. चहाला गेले होते.

रविवार, १२ जुलै

लेक आली होती. भाजी निवडत बसलो. ती म्हणाली, "आई, उद्या तो निरोप आला नाही तर मनाला लावून घेऊ नकोस. तुला कधीच कळणार नाही काय लिहिलं होतं, एवढंच ना?"

देठ मोडता मोडता माझे हात थांबले. वही माझी, दुसरं वाचणारं कुणी नाही, आणि तरी सोळा जूनला मी इथेही खोटं लिहिलं. ताकाला जाऊन भांडं लपवायचं ते कुणापासून?

तिला सांगितलं. इथेही लिहिते.

मी वाचला होता तो निरोप. तीन शब्द. "मागे ये जरा."

दिवसातून चारदा पाठवायचे ते. पेन सापडत नाही, मागे ये जरा. चहा आलाय, मागे ये जरा. त्या दिवशी मला वाटलं, आता एकांतात गोड बोलून समजूत काढणार. सगळ्यांदेखत ओरडायचं आणि माफी मागायची ती दाराआड. म्हटलं, बस आता. आज तूच पुढे ये. आणि दाबला. वाचून, समजून, रागाने दाबला. पुढची अठ्ठावीस मिनिटं मी पाठ ताठ करून बसले होते, ते येतील म्हणून.

काय लिहिलं होतं ते मला कधीच शोधायचं नव्हतं. मला उत्तर द्यायचं होतं.

वाटलं, लेक आता उठून जाईल, आणि गेली असती तर मी अडवलं नसतं. ती उठली, गॅस बंद केला, माझ्या शेजारी येऊन जमिनीवर बसली.

"मला माहितेय," म्हणाली. "म्हणजे शब्द माहीत नव्हते. पण तू झोपेत बोलतेस ना, ते मी लहानपणापासून ऐकतेय. 'आले, आले' म्हणतेस. कुणीतरी बोलावल्यासारखी."

मग आम्ही दोघी खूप रडलो. भाजी तशीच राहिली. शेवटी ब्रेड खाल्ला.

सोमवार, १३ जुलै

घरी येऊन लिहितेय. घडलं तसंच लिहिते, एक अक्षर इकडे तिकडे करणार नाही.

गोदामाची किल्ली नऊ वाजता आली. मूळ कागद दहाला सापडले. त्या माणसाचा दुसरा मृत्यू खोटा होता, कुणीतरी तोच दाखला दोन वेगळ्या तारखांना दोनदा चढवला होता. म्हणजे आता उत्तर न द्यायला सबब उरली नव्हती. झाडूसाहेब शेजारी खुर्ची घेऊन बसले, माझ्यावर नजर ठेवून. मी म्हटलं, "अकरापर्यंत थांबा. एवढंच." काय वाटलं कुणास ठाऊक, "बरं," म्हणाले.

आत: १३ जुलै ९८, सोमवार. वापरणारे: एक.

दहा पन्नास. दोन्ही हात मांडीखाली घालून बसले, लहान मुलं बसतात तशी. बोटांवर माझा भरवसा नाही. एक्कावन्न. मागे फरशी वाजली. झाडूसाहेबांनीही वळून पाहिलं, म्हणजे त्यांनाही ऐकू आलं.

बावन्न. घंटी झाली.

ह्यांच्या आयडीवरून: "मागे ये जरा."

मी वाचलं. परत वाचलं. तिसऱ्यांदा वाचलं. शेजारून झाडूसाहेब म्हणत होते, "शक्य नाही. मी स्वतः काढलाय. मॅडम, हे शक्य नाही, कुठून येतंय हे?" मी हात मांडीखालून काढले आणि टाइप केलं, "आले." पाठवलं. मग उठले.

तीस पावलं आहेत. कधी मोजली नव्हती. काचेचं दार उघडलं. आत गार, रिकामं, भिंतीला मोडकी मांडणी आणि मधोमध एक खुर्ची. ती तिथे नसते. गेल्या महिन्यात मी पाहिलं तेव्हा नव्हती. माझ्याकडे पाठ करून होती. कुणी बसलेलं नव्हतं, हे स्पष्ट लिहिते. मी जवळ गेले आणि तिच्या पाठीवर हात ठेवला. सगळी खोली बर्फासारखी होती आणि तेवढी जागा कोमट होती.

"अहो," मी म्हटलं, "आले मी. रागावले होते. काय होतंय?"

बाकी जे बोलले ते इथे लिहिणार नाही. ते नवराबायकोतलं आहे. तिथेच उभी राहिले, हात उचलला नाही. थोड्या वेळाने खुर्ची गार झाली, बाकी खोलीसारखी.

परत आले तेव्हा अकरा वाजून तेरा मिनिटं झाली होती. झाडूसाहेब खुर्ची चांगली चार हात मागे सरकवून बसले होते. एरवी तोंडाचा पट्टा थांबत नाही, आज नुसतं खिडकीकडे बोट केलं. वापरणारे: दोन.

मी बसले. आधी दोन मृत्यूंच्या प्रश्नाला उत्तर दिलं. दुसरा मृत्यू खोडा, एकच ठेवा. काम पुरं झालं, नोंदींचा संच नीट बाहेर पडला. मग सिस्टिम बंद करायची आज्ञा दिली. तिने विचारलं, "आत दोन जण आहेत. तरी बंद करायची?"

"मॅडम," झाडूसाहेब म्हणाले. पहिल्यांदाच त्यांचा आवाज लहान मुलासारखा आला. "हवं तर राहू दे. मी वर काहीतरी सांगतो. राहू दे आठ-पंधरा दिवस."

मी घड्याळ पाहिलं. आतलं. अकरा सतरा. राहू दिली असती तर तीन मिनिटांनी आत अकरा वीस वाजले असते, मुकादम मागे गेला ती वेळ.

"नको," मी म्हटलं. प्रश्न पुन्हा एकदा वाचला, पहिल्या अक्षरापासून शेवटच्या अक्षरापर्यंत. मग दाबलं.

खिडकी काळी झाली. आम्ही दोघं बसून राहिलो. बाहेर भिंतीवरच्या घड्याळात अकरा वीस झाले, एकवीस झाले, कुणीतरी फाइल मागायला आलं. आत अकरा अठराच आहेत, मी मागे जाऊन आले आहे, आणि हे बरे आहेत.